बोंड्या अजून झोपला आहे

तुम्ही जिवापाड सांभाळलेलं काही कधी अशा घरी झोपायला पाठवलं आहे का, ज्या घराचा पत्ता तुम्हाला माहीत नाही आणि ज्या घरमालकानं तुमचं नावसुद्धा कधी वाचलेलं नाही?

नाही म्हणायची घाई करू नका. तुम्ही रोज पाठवता. लेकराच्या बारशाचा व्हिडिओ पाठवता, गेलेल्या माणसाचा शेवटचा फोटो पाठवता, आणि 'सिंक झालं' असं म्हणून निर्धास्त होता. मला या शब्दाचा तिटकारा आहे. चोरानं निदान चोरी म्हणावं. हा शब्द तुमच्याकडून वस्तू घेतो आणि वर तुम्हालाच वाटायला लावतो की आता ती दोन ठिकाणी आहे.

वेचणी सुरू होऊन आठवडा झाला. बाबा वावराच्या बांधावर, धुऱ्यावर उभे आहेत, हात वर, फोन आभाळाकडे. पिकाची नोंद आता अ‍ॅपवर करावी लागते. पऱ्हाटीचा फोटो काढायचा, वर पाठवायचा, आणि वरून होकार आला की तुमच्या वावरात कपाशी आहे असं समजायचं. कमरेएवढी पऱ्हाटी डोळ्यांसमोर उभी आहे, बोंडं फुटून पांढरी झाली आहेत, पण ती खरी आहे की नाही हे फोन सांगणार. पडद्यावर एक गोल फिरतो आहे.

"होऊन राह्यलं," बाबा म्हणतात.

कालपासून होऊन राह्यलं.

तो गोल मी ओळखते. पहिल्यांदा पाहिला तेव्हा मी सहावीत होते आणि शालूताई, माझी मोठी बहीण, नववीत. तो हंगामही असाच होता. सकाळचं दव वाळेपर्यंत थांबायचं, मग कमरेला ओटी बांधून ओळीत शिरायचं. वाळलेल्या बोंडाची टोकं नखांच्या कडेला लागायची आणि जेवताना मिठानं ती जागा चरचरायची. घरातल्या पुढच्या खोलीत कापूस खिडकीपर्यंत चढलेला. त्यावर झोपायला मऊ असतं असं ज्यांना वाटतं, त्यांनी एक रात्र झोपून पाहावं. अंग असं खाजतं की माणूस उठून जमिनीवर जातो.

त्या घरात एक कपाट होतं, पत्रकांचं. बाबा शेतकऱ्यांच्या आंदोलनात होते, तेव्हापासूनची गुलाबी, पिवळी, हिरवी पत्रकं त्यात रचलेली. ससा हा शब्द वाचता येण्याआधी मला शोषण हा शब्द वाचता येत होता. बाजाराच्या दिवशी धामणगाव बढ्याला चौकात उभं राहून मी पत्रकं वाटलेली आहेत, आणि जो न वाचता खिशात घालायचा त्याला "काका, वाचा न" असं दटावलंही आहे. छापलेला कागद आमच्या घरात कोणी फेकत नसे. न वाचता बाजूला ठेवत असू, ही गोष्ट वेगळी. ती मला या आठवड्यात कळली.

दिवाळीत पुण्याहून काका आले, सोबत त्यांची मुग्धा. ती शालूताईच्या वयाची. आल्या आल्या कापसाच्या ढिगावर उडी मारून फोटो काढून झाला आणि मग दोन दिवस "शी, किती खाजतं" सुरू झालं. तिच्याकडे हातात मावणारा एक खेळ होता, दोन पडद्यांचा, राखाडी रंगाचा. त्यात गवतातून हिंडायचं, विचित्र प्राणी पकडायचे, त्यांना वाढवायचं, एकमेकांशी लढवायचं. तिला दिवाळीला नवीन मिळाला होता, म्हणून जुना तिनं शालूताईच्या हातात ठेवला.

"नाताळपर्यंत खेळ हं," ती म्हणाली. "मग परत हवा. बाबांना तो विकायचाय."

शालूताईनं पहिल्याच दिवशी एक साळिंदर पकडलं. त्याचे काटे एरवी मिटलेले असत, आणि ते खूश झालं की एकदम फुटत, पांढरे, फुटलेल्या बोंडासारखे. तिनं त्याचं नाव बोंड्या ठेवलं. इंग्रजीत लिहावं लागलं, बी, ओ, एन, डी, वाय, ए. ते मी टाकून दिलं, कारण घरात इंग्रजीची जाणकार मी होते. सहावीतली जाणकार.

ओटीच्या तळाशी खेळ आणि वर कापूस, अशी ती वेचायची. चहाला बसलं की ओटीत हात घालायची. बोंड्या लढाईत कधी जिंकायचा नाही. कुठलाही पाखरासारखा प्राणी आला की आडवा व्हायचा.

"हा कामाचा नाही वं," मी म्हटलं.

"मंग काय झालं? वेचणीत कोण जिंकते?"

प्रत्येक वावराच्या पहिल्या वेचणीला आमच्याकडे सीतादही करतात. पऱ्हाटीच्या दोन ओळींमध्ये पानावर दहीभात ठेवायचा, हात जोडायचे, मग कापसाला हात लावायचा. त्या वर्षी दिवाळीनंतर दुसऱ्या वावरात शिरताना शालूताईनं एक शीत उचलून पडद्याला लावलं.

"बिघडंल न ते," आई म्हणाली.

"हाव, पण तो उपाशी राहील न."

आई हसली. वेचणीच्या दिवसांत तिला हसलेलं मी क्वचित पाहिलं आहे, म्हणून लक्षात राहिलं.

आता माझा राग जिथून सुरू होतो ती गोष्ट. नाताळला खेळ परत जाणार, म्हणजे बोंड्या जाणार. शालूताईला झोप लागेना. दिवाळी उरकून परत जायच्या दिवशी मुग्धानं उपाय सांगितला. "अगं, सिंक कर ना. त्याला झोपवायचं, तो नेटवर जातो. तिथे एक बाग आहे. मग खेळ नसला तरी कुठल्याही कॉम्प्युटरवर तो तुझाच." खात्याचा पासवर्ड तिनं पत्रकाच्या कोऱ्या पाठीवर लिहून दिला. दिवाळीच्या फराळाचा डबा घेऊन मंडळी पुण्याला गेली, आणि 'तुझाच' हा शब्द आमच्याकडे राहिला.

नेट होतं खामगावला. पहिल्या वेचणीचा कापूस घेऊन सलीमचाचाचा मेटाडोर निघाला तेव्हा आम्ही दोघी पुढे बसलो. सलीमचाचा आमच्याच गावचे, त्यांचीही कपाशी होती आणि वर हा मेटाडोर. बाबा मागे कापसावर. जिनिंगच्या कारखान्यात माल उतरेपर्यंत बाबांनी आम्हाला ज्या दुकानातून बियाणं घ्यायचे तिथे बसवलं. भिंतीवर फेटेवाल्या शेतकऱ्याचं चित्र, त्याच्या हातात त्याच्या तोंडाएवढं बोंड. एवढं हसणारा कापूसवाला मी त्या भिंतीखेरीज कुठे पाहिलेला नाही. काउंटरवर बियाणं कंपनीचा शर्ट घातलेला एक विक्रेता होता. दुकानाचं वायफाय आमच्या खेळाला काही केल्या लागेना. शेवटी त्यानं पासवर्डच काढून टाकला, तेव्हा लागलं.

"काय आहे हे?"

"साळिंदर," शालूताई म्हणाली.

"खाते काय?"

"दहीभात."

गोल फिरू लागला. बोंड्यानं जांभई दिली, कुठून तरी एक पांघरूण आलं, त्याचे काटे मिटले. झालं. मग त्या विक्रेत्यानं कॉम्प्युटरवर ती बाग उघडून दिली. हिरवीगार जमीन, निळं आभाळ, कडेला बोंड्या लुटुलुटु फिरतोय. एक वाफाही होता. त्यात बी टाकायचं, झारीनं पाणी द्यायचं, की उद्या फळ. शालूताईनं बी टाकलं, पाणी दिलं आणि थांबून विचारलं, "इथं अळी नाही येत?"

"आमच्याबी बियाण्यात नाही येत," विक्रेता म्हणाला.

दारात उभे असलेले सलीमचाचा म्हणाले, "मंग दोन्ही एकाच कंपनीचं असंन."

थोड्या वेळानं पडदा म्हणाला, आजची वेळ संपली, उद्या या. उद्या या म्हणणारी दोनच ठिकाणं आम्हाला माहीत होती, तलाठ्याची खोली आणि बँकेची खिडकी. त्यांच्या पंक्तीला आता हे तिसरं, तेही बागेचं सोंग घेऊन. बाहेर मेटाडोरचा हॉर्न वाजला, विक्रेत्यानं वायफायला परत कुलूप घातलं, आणि आम्ही पळालो. बोंड्याला उठवायचं राहिलं.

नांदुऱ्याच्या अलीकडे शालूताईनं खेळ उघडला. बोंड्या पांघरुणात. त्याला सोबत घेता येईना, खाऊ घालता येईना, काटे फुटेनात. 'उठवा' असं एक बटण मात्र होतं. तिनं ते दाबलं, तर इंग्रजी मजकूर आला, दोन पडदे भरून.

"काय म्हणते वं?"

मी वाचलं. नेट नाही, असं काहीतरी होतं. मग पुढे 'हरवेल' असा शब्द दिसला. तिथे मी थांबले. मला पुढचं वाचायची गरज वाटली नाही. मी चौकात पत्रकं वाटणारी मुलगी होते, कंपन्या काय करतात ते मला पाठ होतं.

"नेटशिवाय उठवलं तर बोंड्या हरवंल," मी सांगितलं.

तिनं खेळ असा मिटला, जसं पाळण्यातलं लेकरू दचकेल म्हणून दार लोटतात.

मग वाट पाहणं. पुढची वेचणी खामगावला जाईल तेव्हा त्याला उठवू. पण त्या वर्षी भाव पडला आणि बाबा अडून बसले. "भाव येऊ दे, मंग पाहू." कापूस खिडकीच्या वर गेला. शालूताई रोज एकदा खेळ उघडायची, पांघरूण पाहायची, मिटायची. बटणाला हात लावायची नाही. सलीमचाचा रस्त्यात दिसले की विचारायचे, "उठला का तुमचा नवाब?" ती मान हलवायची. मी एक पत्रक लिहिलं, गुलाबी कागदावर, 'बोंड्याला ताबडतोब उठवा, अन्यथा आंदोलन तीव्र करण्यात येईल'. लिहून झाल्यावर लक्षात आलं की ते द्यायचं कुणाला, त्याचा पत्ताच नाही. खेळावर नाही, बागेवर नाही, कुठेही नाही. तलाठ्याला निदान एक दार असतं, लाथ मारायला.

नाताळला काका आले आणि खेळ गेला. कापूस अजून घरातच होता.

"नेट लागलं का त्याले उठवजो," शालूताई मुग्धाला म्हणाली.

"हो गं, उठवते. इतकं काय, कार्टूनच आहे."

त्यानंतर वर्षभर शालूताई बाजाराच्या दिवशी धामणगाव बढ्याला नव्यानं निघालेल्या नेट कॅफेत जाऊन बोंड्याला पाहून यायची. बागेत तो फिरताना दिसायचा. काटे फुटायचे नाहीत, कारण ते खेळातच फुटत. उठवणंही खेळातूनच व्हायचं, आणि खेळ पुण्यात. तरी ती जायची, झारीनं पाणी घालायची, आणि वेळ संपली की यायची. पुढे एकदा पान उघडलं तर बाग नव्हती. कंपनीनं सेवा बंद केली होती. तिथे लिहिलं होतं की, तुमच्यासोबतच्या सुंदर आठवणींबद्दल आम्ही आभारी आहोत. आठवणी आमच्या, प्राणी आमचा, आणि कुलूप घालून आभार मानणारे हे. जगात निर्लज्जपणाला काही मोजमाप असेल तर ते वाक्य त्या मोजमापाच्या पेटीत ठेवावं. शालूताईनं मुग्धाला फोन लावला. मुग्धा म्हणाली, "अगं, विसरलेच. तो तर केव्हाच विकला. सेकंडहँडच्या दुकानात. पुसला होता का, तेही आठवत नाही."

एवढ्यावर मी बारा-तेरा वर्षं कंपनीला शिव्या देत आले. सुखात देत होते. शिवी देणाऱ्याला स्वतःकडे पाहावं लागत नाही, हा तिचा मोठा फायदा.

या आठवड्यात गावासाठी मी एक पत्रक लिहायला घेतलं, गुलाबी बोंडअळीवर. ज्या बियाण्यात अळी येत नव्हती त्यात ती चार-सहा वर्षांत आली, आणि आता दर हंगामाला बोंड फोडावं तर आत ती आहेच. बियाण्याच्या पाकिटासोबत तेव्हा साध्या कपाशीची एक लहान पुडी यायची. मला आठवतं, बाबांनी ती हातात घेऊन फिरवली होती.

"हे कायले देतात?" आईनं विचारलं होतं.

"वजन भरायले."

पुडी फळीवर गेली आणि तिथून उंदरांच्या पोटात. आमचीच नाही, सगळ्या गावाची. ती कशासाठी होती हे नेमकं लिहावं म्हणून मी पाकिटातला तो कागद शोधत होते. बाबा कागद फेकत नाहीत, म्हणजे असणार. कपाटाच्या खालच्या कप्प्यात एक गठ्ठा निघाला, वर बाबांच्या अक्षरात 'इंग्रजी व बारीक'. न वाचलेल्या कागदांची आमच्या घरातली ही अधिकृत जागा. त्यात बियाण्याचा कागद होता. मोहरीएवढ्या अक्षरांत, आठ भाषांत, त्यांतली एक मराठी. कपाशीच्या कडेनं या साध्या बियांच्या ओळी लावा, म्हणजे अळीला तिथे जगता येईल आणि या बियाण्यातलं विष पचवणाऱ्या अळ्यांचीच पैदास होणार नाही. एवढंच. चौकात तासभर भाषण करणाऱ्या माणसाला वाचायला दोन मिनिटं लागली नसती. अर्थात ज्यांना ते खरंच कळावं असं वाटत होतं, त्यांनी मोहरीएवढं छापलं नसतं. भिंतीवरचं बोंड माणसाच्या तोंडाएवढं होतं, तिथे जागा कमी पडली नव्हती.

त्याच गठ्ठ्यात, त्या कागदाखाली, खेळाची पुस्तिका होती. मुग्धा विसरून गेलेली. मी ती उघडली, बोंड्याच्या आठवणीनं. मध्ये एक पान होतं, झोपलेल्या प्राण्याचं. नेट नसलं तरी त्याला केव्हाही उठवता येईल, असं तिथे लिहिलं होतं. फक्त बागेत त्याला मिळालेल्या भेटवस्तू हरवतील.

भेटवस्तू हरवतील. बोंड्या नाही.

मी ते तीनदा वाचलं. नांदुऱ्याच्या अलीकडे पडद्यावर हेच वाक्य होतं. मी त्याचा एक शब्द वाचला आणि उरलेलं वाक्य माझ्या बुद्धीनं पूर्ण केलं. मी ज्यांना "काका, वाचा न" म्हणायचे ते काका निदान वाचल्याचं सोंग करत नव्हते.

शालूताई आता एसटीत कंडक्टर आहे, बुलढाण्याला. मी फोन लावला तेव्हा गाडी धाडच्या स्टँडवर लागलेली होती. मागे कोणीतरी शेळीचं अर्धं तिकीट का पूर्ण, असं भांडत होतं. मी तिला सगळं सांगितलं, पान वाचून दाखवलं.

तिनं विचारलं, "म्हंजे तो तवाच उठला असता? मेटाडोरातच?"

"हाव."

"निस्त्या भेटवस्तू गेल्या असत्या."

"हाव."

"आपल्याले कोणती भेटवस्तू पाह्यजे होती वं?"

मी म्हणाले, ताई, मी अर्धंच वाचलं. ती म्हणाली, "तू सहावीत होती, मी नववीत. मलेबी इंग्रजी होतं. मी तुह्यावर टाकून मोकळी झाली." मग शेळीवाल्याला म्हणाली, "बाबा, शेळी मांडीवर घ्या, तिकीट मंग पाहू." आणि परत मला, हळू आवाजात, "आता कोणापाशी असंन तो?"

घंटी वाजली. गाडी निघाली.

बाबांच्या फोनवर गोल अजून फिरतो आहे. मी त्यांच्या शेजारी धुऱ्यावर बसून पडद्यावरचा सगळा बारीक मजकूर मोठ्यानं वाचते आहे, शेवटच्या ओळीपर्यंत, आणि बाबा ऐकत आहेत. त्यांना कंटाळा आला आहे हे मला दिसतं. मी थांबत नाही. गावासाठीचं पत्रक तयार आहे, त्यात बियाण्याच्या कागदाची मराठी मी मोठ्या अक्षरांत उतरवली आहे. ते मी वाटीन, वाचूनही दाखवीन. ते माझं काम आहे.

तुम्हाला मला दुसरं काम सांगायचं आहे. पुण्यात किंवा आणखी कुठे, तुम्ही कधी एखाद्या दुकानातून जुना, दोन पडद्यांचा, राखाडी खेळ लेकरासाठी घेतला असेल, तर तो कपाटातून काढा. चार्जर शोधा, नसेल तर शेजाऱ्याकडे मागा. आधीच्या माणसाचा खेळ पुसला नसेल, तर प्राण्यांच्या यादीत पाहा. मिटलेल्या काट्यांचं एक साळिंदर पांघरूण घेऊन झोपलेलं दिसलं आणि त्याखाली बी, ओ, एन, डी, वाय, ए असं नाव असलं, तर 'उठवा' दाबा. एक सूचना येईल, त्यात काहीतरी हरवेल असं लिहिलेलं असेल. घाबरू नका, शेवटपर्यंत वाचा, आणि हो म्हणा.

उठवायला नेट लागत नाही. लढाईला नेऊ नका, तो हरतो. दहीभाताचं एक शीत पुरेल.